इंदूताईंचं ‘मले’

५ फेब्रु. ८५
सौ.चा दमा बरा. माझा गुडघा ठणकतोच. कॅमेरावाला वामन दाढ उपटून आला, गाल पावासारखा. कॅमेरा तेवढा ठणठणीत. उद्या मौद्याला जायचं. टीव्हीसाठी जुन्या नटनट्यांवर छोट्या फिल्मा करतोय, त्यातल्या चौथ्या तिथल्या इंदूताई. तरुणपणी यांची पोस्टरं रंगवून पोट भरलं. समोर कधी पाहिलं नाही. पत्रात तसं कळवलंय.

६ फेब्रु.
अंगणात तूर पाखडत होत्या. “काहून गा पोस्टरवाल्या, वळखलं नाही का मले?”
चहा झाला. कॅमेरा सुरू. झकास बोलत होत्या. माझ्या तोंडून गेलं, “ताई, टीव्ही आहे, जरा शुद्ध बोला.” त्यांनी पुन्हा सूप उचललं.
मग म्हणाल्या, “ते सिनेमावाले बी हेच म्हणत. म्हणून साऱ्या सिनेमांत आवाज दुसरीचा घातला. मी नुसते ओठ हलवले.”
अन् मी इतकी वर्षं तो आवाज यांचाच समजत... परत आलो.

७ फेब्रु.
सौ.ला सांगितलं. “घरात दिवसभर मले-तुले करता, अन् तिले शुद्ध बोल म्हणता? वा!”
आपलेच दात, आपलेच ओठ.

१० फेब्रु.
पुन्हा मौदा. माफी मागितली. “नेहमी बोलता तसं बोला.” दोन तास बोलल्या. हसवलं, वामन गाल धरून हसला.
शेवटी म्हणाल्या, “नातीले माहा सिनेमा दाखवला. म्हणे, आजी, चेहरा तुहा हाय, पण बोलते कोण वं? ह्या डाव मीच बोलीन. शब्द दे.”
दिला.

१९ फेब्रु.
टीव्हीच्या साहेबांनी पाहिलं. “चित्र सुंदर. भाषा चालणार नाही. दुसऱ्या बाईंचा आवाज घालू. नाहीतर राहू दे.”
वामन बाहेर म्हणाला, “दादा, हो म्हणा. हे अडलं तर पुढचं काम बी जाईन.” त्याचंही खरं.

२१ फेब्रु.
साहेबांना पुढच्या शनिवारी सांगायचं. इंदूताईंना कार्ड टाकलं. नक्कल:

“इंदूताई, सा.न. नात बरी? तूर घरात आली? साहेब म्हणतात, आवाज दुसरीचा, नाहीतर फिल्मच नाही. मी सरळ ‘नाही’ म्हणणार होतो. मग वाटलं, तुमच्या वतीनं बोलणारा मीही दुसराच की. तेव्हा तुम्हीच सांगा. पुढच्या शनिवारच्या आत उत्तर धाडा, दोन ओळी पुरेत. अन् नातीकडून शुद्ध करून घेऊ नका.”