रामबाण जाळे आणि चार ओळींचा कागद

मी, सयाजी दगडू सांडभोर, वय वर्षे चोपन्न, चाकण येथील एका कारखान्यात स्टोअरकीपर, मूळचा राजगुरुनगरजवळचा, सध्या राहणार आकुर्डी, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने, म्हणजे डाव्या हाताने, लिहीत आहे. येत्या २७ जानेवारीला, मंगळवारी, माझ्या हृदयाची एक झडप बदलायची आहे. डॉक्टर म्हणतात काळजीचे कारण नाही, आणि त्याच दमात सहा कागदांवर सह्या घेतात. माझी बुद्धी शाबूत आहे, तसा दाखला सोबत जोडला आहे. मला कोणी भरीस घातलेले नाही. वकील ॲड. तेजस्विनी घुमटकर यांनी टाइप केलेला मसुदा दिला होता, पण तो वाचताना दुसऱ्याच कोणाचे तरी मरण वाचतो आहे असे वाटले. म्हणून आज, शनिवार, १७ तारखेपासून, मी रोज थोडे थोडे लिहिणार आहे. यापूर्वी मी मृत्युपत्र केलेले नाही.

कलम १. आकुर्डीचा राहता फ्लॅट माझी पत्नी सौ. कस्तुरा हिला मिळावा, तिच्यानंतर मुलगी सायली हिला. कस्तुराच्या हयातीत तिला 'आता आमच्याकडे या' असे कोणी म्हणू नये. तिला जायचे असेल तर ती स्वतः सांगेल. तिला सांगता येते.

कलम २. बँकेतील व प्रॉव्हिडंट फंडातील जे काही असेल ते कस्तुराचे. पासबुके कपाटात डाव्या कप्प्यात आहेत.

कलम ३. गावच्या शेतातला माझा हिस्सा धाकटा भाऊ जयदीप यास देतो, कारण जमीन तोच कसतो. माझ्या अपघातानंतर त्याने एका लग्नात पंगतीत बसून सांगितले होते की दादाला मशीनवर डुलकी लागली. हिस्सा दिला म्हणजे ते वाक्य मी विसरलो, असा अर्थ कोणी काढू नये.

कलम ४. माझी हत्यारे, म्हणजे व्हर्निअर, मायक्रोमीटर आणि पान्ह्यांचा संच, सायलीला. त्यातला एक मायक्रोमीटर अजून तेलकागदात गुंडाळलेला आहे. चांगल्या कामासाठी ठेवला होता. आमच्या घरात चादरीही अशाच ठेवलेल्या आहेत आणि त्यावरून कस्तुराने मला आयुष्यभर ऐकवले आहे.

कलम ५. सायलीच्या टेबलाच्या खणात असलेला, उघडमीट झाकणाचा, हातात धरून खेळायचा गेम. हाही सायलीचाच. पण याच्यासोबत काही सूचना आहेत, आणि त्या कळायला मागची हकीकत सांगावी लागेल.

२०१४ च्या फेब्रुवारीत मी भोसरीच्या एका वर्कशॉपमध्ये पॉवर प्रेसवर होतो. त्या प्रेसला दोन बटणे होती. दोन्ही हातांनी एकदम दाबली तरच वरचा भाग खाली यायचा, म्हणजे हात आत राहण्याचा प्रश्नच नाही. त्या दिवशी माझी शिफ्ट सुरू होऊन दहा मिनिटे झाली होती. उजव्या हाताने मी आत अडकलेला तुकडा काढत होतो. डाव्या हाताचे कोपर एका बटणाला लागले आणि प्रेस खाली आला. उजव्या हाताची तीन बोटे गेली. अंगठा आणि करंगळी राहिली.

चौकशी झाली. दोन्ही बटणे तपासली तेव्हा ठीक निघाली. अहवालात लिहिले गेले : 'अपघात कामगाराच्या स्वतःच्या निष्काळजीपणामुळे.' अठरा वर्षे मी प्रेसवर काम केले होते.

माझ्या आधीच्या शिफ्टला त्याच प्रेसवर प्रीतम बिरादार असायचा. उदगीरकडचा, बावीस वर्षांचा, भोसरीत भाड्याच्या खोलीत एकटा राहणारा. अपघातानंतर तो दर रविवारी आमच्या घरी येऊ लागला. हातावर उपचार करणाऱ्या बाई म्हणाल्या होत्या की अंगठा सतत हलता ठेवा. तेव्हा प्रीतमने जुन्या बाजारातून हा गेम आणला. त्याच्याकडे तसाच दुसरा होता. रानात हिंडायचे, प्राणी दिसले की जाळे टाकून पकडायचे, असा तो खेळ. जाळे टाकताना पडद्यावर एक कडे लहान लहान होत जाते. ते नेमके बारीक झाले की अंगठ्याने बटण दाबायचे. चुकले की प्राणी जाळे तोडतो. तीनदा चुकले की निघून जातो.

सायली तेव्हा अकरा वर्षांची होती, अंगठ्याचे व्यायाम तीच घ्यायची. गेममधली नावे इंग्रजी होती, तिने सगळ्यांना आपली नावे दिली. एक जाळे असे होते की त्याला कड्याची गरज नाही, अंगठ्याच्या कसबाची नाही. टाकले की प्राणी पकडलाच. तिने त्याचे नाव ठेवले रामबाण. ते पूर्ण खेळात एकदाच मिळते. टाकले की संपले.

मिळाल्या दिवसापासून घरात तोच विषय. चांगला प्राणी दिसला की सायली विचारायची, टाकायचं का? मी म्हणायचो, थांब, याच्याहून चांगला येईल. प्रीतमही म्हणायचा, थांबू की. असे करत नोव्हेंबर आला आणि एका रविवारी डोंगराच्या कड्यावर झळक दिसला. निळ्या शिंगांचे हरीण. पूर्ण खेळात एकदाच येतो, आणि गेम बंद केला तर पळाला असे धरले जाते. सायली श्वास रोखून माझ्या खांद्याला टेकली होती. कस्तुरासुद्धा पोळ्या सोडून आली. रामबाण टाकायची वेळ हीच, यावर पहिल्यांदा सगळ्यांचे एकमत होते.

माझा अंगठा बटणावर होता. प्रीतम पडद्याकडे बघतच नव्हता. माझ्या हाताकडे बघत होता.

"दादा," तो म्हणाला, "ते बटण मी बांधलो होतो."

लवकर माल निघावा म्हणून त्याने एक बटण सायकलच्या ट्यूबच्या पट्टीने दाबून बांधून ठेवले होते. शिफ्ट संपताना सोडायचे विसरला. माझा ओरडा ऐकून गेटवरून परत धावत आला, आणि मला उचलायच्या गडबडीत ती पट्टी काढून खिशात घातली.

मी गेमचे झाकण मिटले. झाकण मिटले की गेम बंद होत नाही, नुसता झोपतो. मी प्रीतमला जा म्हणालो. तो गेला.

गेम चार्जरला लावून मी कपाटावर ठेवला. आत झळक तसाच उभा होता. सायली रोज शाळेतून आली की स्टुलावर चढून चार्जरचा दिवा बघायची. आज टाकायचं का, असे विचारायची, आणि मी थांब म्हणायचो. मला त्या वस्तूला हात लावणे नको झाले होते. नवव्या दिवशी चार्जर जळाला. पिंपरीच्या बाजारात आम्ही बापलेक तीन दुकाने फिरलो. या पिनचा चार्जर आता येत नाही, असे सांगितले. गेमचा दिवा लाल झाला होता. तसा दुसरा चार्जर मला माहीत असलेल्या एकाच ठिकाणी होता. सायलीने माझ्याकडे नुसते पाहिले. आम्ही भोसरीची बस धरली.

प्रीतमने दार उघडले, दिवा पाहिला आणि काही न विचारता गेम चार्जरला लावला. मग गादीखालून एक कागद काढला. बटण कोणी बांधले, पट्टी कोणी काढली, चार ओळींत लिहिले होते, खाली सही आणि तारीख. तारीख नऊ दिवसांपूर्वीची.

"हे तुमच्यापाशी ठेवा," तो म्हणाला. "कधी द्यायचं ते तुम्ही ठरवा."

मी तो खिशात घातला. सायली म्हणाली, बाबा, आता तरी. मी झाकण उघडले. आधी साधी जाळी टाकून बघू म्हणालो, जमले तर रामबाण वाचेल. पहिले चुकले. दुसरे चुकले. झळक खूर आपटू लागला. आता एकच संधी उरली होती. मी रामबाण निवडले. अंगठा त्याच्यावर ठेवला.

"दादा, टाका आता रामबाण," प्रीतम म्हणाला.

त्याचा आवाज ऐकला आणि मी अंगठा बाजूला घेतला. साधे जाळे टाकले. झळकने ते तोडले, एकदा मागे वळून पाहिले आणि गेला.

सायली रडली नाही. परतीच्या बसमध्ये तिने माझा उजवा हात आपल्या मांडीवर घेतला आणि म्हणाली, "अंगठा थरथरला ना, बाबा? उद्यापासून आपण जास्त व्यायाम करू."

मी हो म्हणालो. ते खोटे होते. अंगठा थरथरला नव्हता. ज्याने माझी बोटे घेतली त्याच्या सांगण्यावरून मला काही करायचे नव्हते, म्हणून मी पोरीचे हरीण घालवले. पुढे दीड वर्ष ती रोज शाळेआधी माझ्या अंगठ्याचे व्यायाम घ्यायची.

रामबाण तेव्हापासून तसेच आहे. सूचना अशी की सायलीने ते घाईने वापरू नये. खेळाचा शेवटचा डोंगर अजून उघडलेला नाही. तिथे झळकच्या तोडीचे काही निघाले तरच

रविवार, १८ जानेवारी. वरचे वाक्य अर्धेच राहिले आहे, ते तसेच राहू द्यावे. काल संध्याकाळी लिहीत असताना सायली मागे येऊन उभी राहिली. तिने कलम ५ उभ्याउभ्या वाचले. मी वही झाकली नाही. वाचून झाल्यावर ती आत गेली, गेम घेऊन आली आणि माझ्यासमोर बसून तो उघडला. गावाच्या वेशीवरच भुरा उंदीर भेटला. तो इतका येतो की त्याला कोणी जाळे टाकत नाही. मी म्हणालो, सायली, थांब. तिने रामबाण टाकले.

उंदीर सोनेरी जाळ्यात जाऊन बसला. मला राग आला. आजारी माणसाला न शोभणारा राग आला.

"संपलं," ती म्हणाली. "आता याच्याहून चांगल्यासाठी राखून ठेवायला तुमच्याकडे काही नाही." मग झाकण मिटून म्हणाली, "मला वाटायचं, मी व्यायाम नीट घेतला नाही म्हणून ते गेलं."

तिने हे अकरा वर्षे मनात ठेवले होते, हे मला माहीत नव्हते. मी तिची माफी मागितली. जेवताना माझ्या ताटातले मीठ तिने काढून घेतले, डॉक्टरांनी सांगितल्याप्रमाणे.

म्हणून कलम ५ मधील सूचना रद्द. गेम सायलीचा, बिनशर्त.

कलम ६. रामबाण संपले, पण माझ्याकडे राखून ठेवलेले अजून एक होते. प्रीतमचा कागद. तो मी कोणालाही दिला नाही. लोकांना वाटेल मी त्याची नोकरी वाचवली. कस्तुरालाही मी तसेच सांगत आलो. खरे असे की तो कागद कपाटात आहे या विचाराने मला बरे वाटायचे. प्रीतम मात्र या अकरा वर्षांत प्रत्येक रविवारी आला. फ्लॅट घेताना सामान त्याने वाहिले. कस्तुराला डेंग्यू झाला तेव्हा चार दिवस हॉस्पिटलच्या बाकावर तो होता. आता तो चाकणला एका कंपनीत लाइन सुपरवायझर आहे, बायको आहे, लहान मुलगी आहे. आणि मला अजून कळलेले नाही की तो येतो तो माझ्यासाठी, की कपाटातल्या कागदासाठी.

आज रविवार, तो नेहमीप्रमाणे आला. चहा झाल्यावर मी कागद काढून त्याच्या हातात दिला. हा तुझा, फाड, जाळ, काय वाटेल ते कर, असे म्हणालो. गुरुवारी मृत्युपत्रावर सह्या आहेत, तू साक्षीदार म्हणून आलास तर बरे, हेही सांगितले. त्याने कागद उलगडून वाचला, घडी घातली, खिशात ठेवला. चपला घालून निघून गेला. येतो म्हणाला नाही.

सोमवार. प्रीतमचा फोन नाही. तो रोज सकाळी गोळ्या घेतल्या का विचारतो.

मंगळवार. फोन नाही. कस्तुरा म्हणाली आपण करू. मी नको म्हणालो.

बुधवार. सायलीने मला न विचारता फोन केला. बंद होता. तिने त्याच्या कंपनीत चौकशी केली. तीन दिवस रजेवर आहे म्हणाले. आता जे कळायचे ते कळले, असे मी कस्तुराला म्हणालो. संध्याकाळी जिना चढताना छातीत दुखले. गोळी जिभेखाली ठेवून बसून राहिलो. कान दाराकडे होते हे कबूल करतो.

गुरुवार, २२ जानेवारी. वकीलबाई अकराला आल्या. एक साक्षीदार शेजारच्या मंजुळाबाई तापकीर. दुसऱ्यासाठी आम्ही साडेअकरापर्यंत थांबलो. मग वकीलबाई घड्याळ बघून म्हणाल्या की वॉचमनला बोलावू या, कायद्याला कोणीही चालतो. सायली त्याला आणायला खाली गेली आणि प्रीतमला घेऊन वर आली. दाढी वाढलेली, शर्ट कालचा.

त्याने खिशातून तोच चार ओळींचा कागद काढला. आता त्याला दुसरा अर्ज टाचलेला होता आणि वर कारखान्यांची तपासणी करणाऱ्या सरकारी कार्यालयाचा आवक शिक्का होता. आजची तारीख. साहेब दौऱ्यावर होते, ते येईपर्यंत तो रोज सकाळी जाऊन बसत होता.

मी विचारले, फोन का बंद ठेवलास?

"चालू ठेवलो असतो तर तुम्ही नको म्हणला असता," तो म्हणाला. "आणि मी ऐकलो असतो."

पुढे काय होईल, असे कस्तुराने विचारले. त्याची नोकरी, केस, काहीही होऊ शकते. त्याने बायकोला सगळे सांगितले आहे, एवढेच तो बोलला. अहवालातले वाक्य अजून तसेच आहे. ते बदलेल की नाही, बदलले तर मी ते वाचायला असेन की नाही, सांगता येत नाही.

कलम ७. प्रीतमला मी या मृत्युपत्रात काहीही दिलेले नाही. देणार होतो. वकीलबाई म्हणाल्या, ज्याला द्यायचे त्याचीच साक्ष घेतली तर पुढे त्या साक्षीवर शंका घेतली जाते. दोन्हीपैकी एक ठरवा. मला ठरवायला वेळ लागला नाही. मला त्याची सही हवी आहे.

वर लिहिलेले सर्व मी वाचून पाहिले, ते माझ्या मनाप्रमाणे आहे. खाडाखोड जिथे आहे तिथे ती माझीच आहे. दोन्ही साक्षीदारांच्या समोर मी सही केली, आणि त्यांनी माझ्या समोर.

लिहून ठेवणार : सयाजी दगडू सांडभोर (सही, डाव्या हाताची)

साक्षीदार :
१. मंजुळाबाई ज्ञानोबा तापकीर, राहणार आकुर्डी (सही)
२. प्रीतम गोविंद बिरादार, राहणार चाकण (सही)

ठिकाण : आकुर्डी
दिनांक : २२ जानेवारी २०२६