शरीफाभाबींच्या चित्रपटाचे हक्क

मी, सुनंदा मोरेश्वर खांबेटे, वय अठ्ठावन्न, व्यवसाय पटकथालेखन व चित्रपटनिर्मिती, जन्म नाशिकचा, नागरिकत्व ऑस्ट्रेलियाचे, सध्या मुक्काम अबू हलीफा, कुवेत, हे मृत्युपत्र कुणाच्याही दडपणाविना, पूर्ण शुद्धीवर लिहून ठेवत आहे. पुढच्या आठवड्यात माझ्या हृदयाची शस्त्रक्रिया आहे. डॉक्टर निर्धास्त आहेत, मीही आहे. पण असली कामे निर्धास्त असतानाच उरकावीत. याचे इंग्रजी भाषांतर वकील करतील. अर्थावरून वाद झाल्यास ही मराठी प्रत खरी धरावी.

१. मेलबर्नचे माझे घर भाचा आदित्य रविकांत खांबेटे याला द्यावे. ते मी दूरचित्रवाणीसाठी लिहून मिळवलेल्या पैशांतून घेतले. रुग्णालयावरच्या एका मालिकेचे भाग मी वर्षानुवर्षे लिहिले. तिच्यात हिंदुस्तानी रोगी आला की दुसऱ्याच प्रसंगात बरा होऊन घरी जाई. तक्रार नाही, त्याच कमाईवर पुढे माझी निर्मितीसंस्था उभी राहिली. आदित्यने घर विकले तरी चालेल. परसातले लिंबाचे झाड तोडणाऱ्याला मात्र विकू नये.

२. माझ्या एकमेव स्वतंत्र चित्रपटाचे सर्व हक्क शरीफा बदरुद्दीन काझी यांना द्यावेत. कारण सांगते.

१९९२ साली मी भावाला भेटायला इथे आले. रविकांत मीना अब्दुल्ला या बंदरातल्या रिफायनरीत इंजिनिअर. इराकी सैन्य शहरात होते तेव्हा तो कुणामुळे तगला, हे मला तेव्हा कळले. खालच्या मजल्यावरच्या, मूळ राजापूरच्या शरीफाभाबींनी इमारतीच्या तळघरात चूल मांडून सगळ्या बिऱ्हाडांना जेवू घातले. त्यांच्या यजमानांचे शुवैखला गॅरेज होते. बदरुद्दीनभाईंनी मोडक्या बसगाड्या चालत्या करून लोकांना जॉर्डनच्या वाटेला लावले. तळघरात एक बाळंतीण होती, म्हणून हे दोघे आणि त्यांची मुलगी झरीन मात्र मागे राहिले. एका दुपारी बदरुद्दीनभाई पाणी आणायला गेले, ते परतले नाहीत.

मी पटकथा लिहिली. माझे भागीदार निर्माते ग्रॅहम प्राइस ती वाचून म्हणाले, “स्वयंपाक करणाऱ्या बाईसाठी तिकीट कोण काढणार? नायिका ऑस्ट्रेलियन नर्स करू.” मी पटकथा परत घेतली, भागीदारी मोडली आणि एकटीने चित्रपट काढला.

शुवैखच्या एका गोदामात चित्रीकरण चालू असताना भाबी बघायला आल्या. नायिका धाय मोकलून रडत होती.

“ताई, ही बाई एवढी रडते कशाला?”

मी म्हटले, “तिचे यजमान परत आले नाहीत, म्हणून.”

“ते मला मागाहून कळलं. त्या सांजेला मी त्यांचं ताट झाकून ठेवलं नि पोरीला निजवलं.”

मी तो प्रसंग रद्द केला. ताट झाकणारा हात, एवढेच टिपले. माझ्या साऱ्या कारकिर्दीतले तेवढेच दृश्य लोकांच्या लक्षात आहे, आणि ते मी लिहिलेले नाही.

३. यंदा ग्रॅहमना हाच चित्रपट पुन्हा काढायचा आहे. नर्स अजून त्यांच्या डोक्यातून गेलेली नाही. त्यांनी आदित्यला गाठले. तो मला म्हणाला, “आत्या, इट्स जस्ट वन कॅरेक्टर.” मुलगा प्रेमळ आहे, आजारपणात त्याने माझे सगळे केले. म्हणून घर त्याचे. चित्रपट त्याचा नाही.

४. ग्रॅहमनी लिहवून घेतलेला नर्सचा मसुदा माझ्या कपाटात आहे. तो त्यांना पोचवावा. नर्स त्यांची आहे, त्यांनीच सांभाळावी.

५. माझे दहन करावे. भाषणे नकोत. रविकांतला बोलावेसे वाटले तर बोलू द्यावे, त्याला थांबवणे मला कधी जमले नाही.

हे सर्व वाचून दाखवल्यावर वकिलांनी सांगितले की, ज्याला मृत्युपत्रातून काही मिळते त्याने साक्षीदाराची सही करू नये; केल्यास त्याचा वाटा बाद होतो. साक्षीला आलेल्या भाबींनी विचारले, “म्हणजे एकतर घ्यायचं, नाहीतर सही करायची?”

वकील हो म्हणाले.

“मग माझं नाव काढा नि झरीनचं घाला. साक्ष मी देते.”

सबब कलम २ मध्ये हक्क जिथे शरीफाभाबींना दिले आहेत, तिथे झरीन बदरुद्दीन काझी असे वाचावे. हा बदल मला मान्य आहे.

ठिकाण : अबू हलीफा, कुवेत
दिनांक : ९ नोव्हेंबर २००६

लिहून ठेवणार : सुनंदा मोरेश्वर खांबेटे (सही)

आमच्या डोळ्यांदेखत सही झाली :
असमा इद्रीस मुकादम, शेजारीण (सही)
शरीफा बदरुद्दीन काझी (सही)