नवप्रभात, बँडसाठी, चार भागांत

७ नोव्हेंबर १९५३. पाडवा.
आजपासून रोजनिशी. कोणी वाचावी म्हणून नव्हे. मनातला गाळ कुठेतरी उपसावा लागतो, एवढंच.
संकल्प: पहाटे उठणे. चहा सकाळी एकदाच. स्टुडिओत वाद न घालणे. आणि कॉन्सर्ट बँडसाठी एक मोठी रचना येत्या दोन महिन्यांत पुरी करणे.
गेली सहा वर्षं मी दादरच्या एका स्टुडिओत सिनेमाच्या गाण्यांना पियानो वाजवतो. चरितार्थ म्हणून ठीक. पण शेहेचाळीस साली मुंबईत मैदानावर गोऱ्यांचा लष्करी बँड ऐकला, तेव्हाच ठरवलं होतं, आपलं खरं काम हे. नुसती फुंकायची आणि बडवायची वाद्यं, चाळीस माणसं, समोर एक काठीवाला. तो काठीवाला मी.
मंदाकिनीनं ओवाळलं. रचनेबद्दल तिला तूर्त काही सांगायचं नाही. पुरी झाली की ऐकवायची, एकदम.

८ नोव्हेंबर.
पहाटे उठलो नाही. सणाचे दिवस. चहा तीनदा. पाहुणे होते.

१२ नोव्हेंबर.
रेकॉर्डिंग. नायिका झोपाळ्यावर बसून गाते. कडवं संपलं की पियानोचे दोन सूर, मग व्हायोलिनं. दिवसभरात मला हे दोन सूर एकूण तीन वेळा. कोणी काय वाजवायचं ते ठरवणारा अरेंजर मेंडिस म्हणाला, हरिहर, फक्त दोन. मी म्हटलं, माहीत आहे. दोनच असले तरी ते नसते तर कडवं संपलं हे कोणाला कळलं असतं?
घरी पियानो नाही. ठाण्याला नौपाड्यातल्या आमच्या जिन्यावरून तो वर येणार नाही. म्हणून एका लांब फळीवर काळ्यापांढऱ्या पट्ट्या रंगवून घेतल्या आहेत. तिच्यावर रचना करतो. आवाज येत नाही, पण मला येतो. शेजारचे म्हणतात, तुमच्यासारखा वाजवणारा शेजारी मिळायला भाग्य लागतं.

१९ नोव्हेंबर.
योग जुळून आला. आमच्या भागातली उत्सव समिती सव्वीस जानेवारीला झेंडावंदन मोठं करणार आहे. चिटणीस भाऊ दामले रस्त्यात भेटले. म्हणाले, काहीतरी बँड-बिंड हवा. मी म्हटलं, रचना तयार आहे. (जवळजवळ आहे.) किती वेळ चालेल, विचारलं. चाळीस मिनिटं म्हणालो. त्यांनी चार ऐकलं असावं, कारण लगेच हो म्हणाले. दुरुस्ती केली नाही. मोठ्या कामात बारीकसारीक गोष्टींवर अडून चालत नाही.

२ डिसेंबर.
रचनेचं नाव 'नवप्रभात'. भाग चार. पहिला, पारतंत्र्याची रात्र, अतिशय संथ. दुसरा, जागृती. तिसरा, प्रतिज्ञा. चौथा, नवप्रभात. चौथा अजून व्हायचा आहे.
आज खोपटला जाऊन काळुरामच्या बँडला भेटलो. लग्नाचा बँड आहे, पण माणसं दमदार. एकूण अकरा. माझी रचना चाळिसांची. म्हणजे प्रत्येकानं साधारण चौघांचं काम करायचं. शिस्त लागेल.
रात्री जागून लिहिलेले स्वरलिपीचे कागद वाटले. काळुराम कॉर्नेट वाजवतो, बँडाचा मालकही तोच. त्यानं कागद उलटासुलटा करून बघितला आणि घडी घालून खिशात ठेवला.
"मास्तर, कागूद वाऱ्यानं उडल. तुमी गावून दाखवा, आमी उचलतो."
म्हणजे अकराही वाद्यांचं मी गाऊन दाखवायचं. बास तुतारीसुद्धा. घसा बसला आहे. पण काळुराम म्हणतो पौषात लग्नं नसतात, तेव्हा जानेवारीभर माणसं मोकळी. हे शुभच.

१० डिसेंबर.
मंदाकिनीनं विचारलं, शाळेत जागा रिकामी आहे, जाऊ का? मी परवानगी दिली. तिला तेवढाच विरंगुळा. संध्याकाळी फळी कुठेच दिसेना. गच्चीवर सापडली, वर पापड वाळत होते. कोमल गंधारापासून वरच्या षड्जापर्यंत.

२१ डिसेंबर.
आज स्टुडिओत जे झालं त्याचा शांतपणे विचार केला पाहिजे.
विरहाचं गाणं. मेंडिसनं मधल्या जागेत मला चार मात्रा दिल्या. सहा वर्षांत पहिल्यांदा. तालमीत त्या तशाच वाजवल्या. पण टेक सुरू झाला आणि वाटलं, विरह एवढ्यात आटपतो का? थोडा विस्तार केला. व्हायोलिनवाले गोंधळले, गाणाऱ्या बाई थांबल्या. दुसरा टेक. मी पुन्हा मोजकंच वाजवायचं ठरवलं होतं, खरंच ठरवलं होतं, पण बोटं पुढे गेली. तिसऱ्या टेकनंतर बाई म्हणाल्या, माझा आवाज आता लागणार नाही.
मेंडिस ओरडला नाही. काचेमागून बाहेर आला, पियानोचं झाकण हलक्या हातानं खाली केलं आणि म्हणाला, उद्या अ‍ॅकॉर्डियनवर भागवू, तू रेस्ट घे.
माझ्या प्रकृतीची काळजी करणारा माणूस आहे.

३० डिसेंबर.
स्टुडिओतून बोलावणं नाही. निरोप आला, गरज लागली की कळवू. एका परीनं बरं. रचनेला सलग वेळ हवाच होता. चौथा भाग उद्यापासून.

४ जानेवारी १९५४.
चौथा भाग उद्यापासून.

९ जानेवारी.
खोपटला रोज तालीम. पहिला भाग बसला. इतका गंभीर वाजतो की माझ्याच अंगावर काटा आला. अडचण दुसऱ्या भागाची. साइड ड्रमवाला गणू तिथं ठेका बदलतो. माझा ठेका चालणाऱ्या राष्ट्राचा आहे, त्याचा वरातीचा. त्याला म्हटलं, गणू, लोकांना नाचायचं नाही, विचार करायचा आहे. तो हो म्हणाला आणि पुन्हा तेच वाजवलं. बाकीचे दहा त्याच्याबरोबर गेले. माझी काठी एकटीच मागे राहिली.
क्लॅरिनेटवाला राघो तालमीच्या मध्ये खोकल्याचं औषध घेतो. दारूबंदी आल्यापासून खोपटात खोकला फार वाढला आहे.

१५ जानेवारी.
सासरे आले होते. अण्णा कलेक्टर कचेरीतून निवृत्त झालेत, पण शब्दाला अजून वजन आहे. म्हणाले, एका कचेरीत जागा होते आहे, टंकलेखन येत नसलं तरी बोटांना सवय आहेच. मी नम्रपणे सांगितलं, सव्वीस तारखेनंतर मला वेळ मिळेल असं वाटत नाही. अण्णांनी मंदाकिनीकडे पाहिलं. ती वह्या तपासत होती. तिनं पुढची वही उघडली.

२५ जानेवारी.
चौथा भाग झाला नाही. काळुरामला सांगितलं, तिसरा संपला की पहिल्याचाच शेवट पुन्हा घ्यायचा. याला आवर्तन म्हणतात.
आमच्या लेकीला, नीलाला, गालगुंड. दोन्ही गाल फुगलेत. मंदाकिनीला उद्या घरीच राहावं लागणार. हळहळ वाटली. तिला म्हटलं, तू उद्या असायला हवी होतीस. म्हणाली, जमलं असतं तर आलेच असते हो, पण पोर तापानं फणफणतेय. खरंच आहे.

२६ जानेवारी. मंगळवार.
जे घडलं ते क्रमानं लिहितो.
मैदान भरलं होतं. झेंडा फडकला, शाळेच्या मुलींनी झेंडागीत म्हटलं, मंडळी बसली. भाऊ दामल्यांनी मला खूण केली. मी काठी उचलली. पारतंत्र्याची रात्र सुरू झाली.
इतक्या धीरगंभीर सुरांनी की पहिल्या रांगेतले प्रमुख पाहुणे चुळबुळले, इकडेतिकडे बघितलं, आणि उभे राहिले. ते उभे राहिले म्हणून समिती उभी राहिली. समितीमुळे सगळं मैदान. हवालदारानं सलाम ठोकला तो ठोकलेलाच.
मी मागे वळून पाहिलं आणि डोळे भरून आले. माझ्या ठाण्यानं एवढा मान दिला.
पहिला भाग संपला. शांतता. प्रमुख पाहुणे बसायला अर्धवट वाकले. तेवढ्यात दुसरा भाग सुरू झाला, ते पुन्हा ताठ. गणूनं आपला ठेका धरला. मागच्या रांगांत काही पाय हलायला लागले, पण वरचं अंग सावधान. असं दृश्य मी आजवर पाहिलं नव्हतं. तिसऱ्या भागात ऊन चढलं. एका मुलीला चक्कर आली, तिला सावलीत नेलं. एक म्हातारे गृहस्थ खाली बसले तर हवालदारानं सलाम न सोडता डाव्या हातानं त्यांना दंडाला धरून उठवलं. भाऊ दामले कडेनं हातवारे करत होते. मला वाटलं, त्यांना ताल आवडला.
मग ते सरळ पुढे आले आणि काळुरामच्या तोंडातून कॉर्नेट काढून घेतलं.
नंतर माझ्याजवळ येऊन हलक्या आवाजात म्हणाले, "हरिहरराव, हे राष्ट्रगीत नव्हतं, हे आधी सांगायचंत."
मी म्हटलं, तसं मी कुठे म्हटलं होतं? ते म्हणाले, पाहुणे गेले. न बोलताच गेले.
घरी मंदाकिनीनं विचारलं, कसं झालं? म्हटलं, लोक उभे राहून ऐकत होते. तिला फार बरं वाटलं. नीलाच्या कपाळावर पट्टी ठेवता ठेवता दोनदा म्हणाली, उभं राहून, खरंच?

२८ जानेवारी.
कोणी काही बोललं नाही. वर्तमानपत्रात ओळ नाही. ही एक प्रकारची अस्पृष्ट राहिलेली कीर्ती म्हणता येईल. वाक्य नीट जमलं नाही. असो.

१ फेब्रुवारी.
स्वतःहून दादरला गेलो. गरज लागली असेल आणि निरोप्याला घर सापडलं नसेल, असं होऊ शकतं.
पियानोवर आनंद बसला होता. आनंद म्हणजे आमचा अ‍ॅकॉर्डियनवाला. मला पाहून अर्धवट उठला. मी म्हटलं, बस, बस. माझी जागा धरून ठेवतो आहे, चांगला मुलगा.
मेंडिसनं कॅन्टीनमध्ये चहा पाजला. बशी बाजूला सारून म्हणाला,
"हरिहर, तुझा हात चांगला हाय. पण तुला थांबता येत नाय. स्टुडिओत वाजवणं म्हणजे थांबणं."
मी म्हटलं, थांबायची माझी तयारी आहे, किती दिवस थांबू?
तो म्हणाला, तसं नाय रे. जाताना खांद्यावर हात ठेवला.
लगेच निघालो नाही. काचेमागे उभं राहून एक टेक ऐकला. कडवं संपलं, आनंदनं दोन सूर वाजवले आणि हात मांडीवर ठेवले. बरोबर वाजवले. मला त्यात काही सुधारावंसं वाटलं, पण काय ते सांगता येईना.

८ फेब्रुवारी.
माघ लागला. काळुरामच्या बँडला लग्नं सुरू. संकल्प: नवी रचना, सहा भागांत. उद्यापासून.

१४ फेब्रुवारी.
कचेरीच्या जागेसाठी अण्णांना होकार कळवला. मंदाकिनीनं कळवला, मी समोर होतो. तात्पुरता.
एक चांगली बातमी. मंदाकिनीच्या मावसबहिणीची मुलगी चित्रा, तिचं लग्न एकवीसला डोंबिवलीत. वरातीला माझ्या शिफारशीनं काळुरामचा बँड. काळुराम म्हणाला, मास्तर, तुमचा दुसरा भाग वाजवू, पोरांना लय आवडलाय. म्हटलं, बाकीचे? म्हणाला, ते सवडीनं.
मंदाकिनीला सांगणार नाही. तिनं स्वतः ऐकावं आणि ओळखावं.

२१ फेब्रुवारी. रविवार. डोंबिवली.
संध्याकाळी वरात निघाली. मी कोट घालून बँडापाशी. झांजवाला महिपत जेवायला बसलेला उठला नव्हता, म्हणून काळुरामनं झांजा माझ्या हातात दिल्या. वेळेला नाही म्हणता येत नाही. शिवाय झांजेच्या जागेवरून सगळा बँड दिसतो.
चौकात त्यांनी 'जागृती', माझा दुसरा भाग, सुरू केला. गणूचाच ठेका. आणि लोक नाचायला लागले. नवऱ्याचे मित्र, काका-मामा, एक वकीलसाहेब उपरणं कमरेला बांधून. बायका मोटारीमागे चालत होत्या, त्यांच्यात मंदाकिनी. ती नाचत नव्हती, पण मान हलत होती. मला इतका आनंद झाला की झांज दोनदा चुकली.
नवऱ्याचे एक काका घाम पुसत काळुरामजवळ आले. म्हणाले, झकास आहे, कुठल्या पिक्चरमधलं?
मी झांजा खाली केल्या. काळुरामनं माझ्याकडे पाहिलं. गिऱ्हाईक खूश राहावं म्हणून असेल, किंवा त्या गोंगाटात एवढं समजावत कोण बसणार म्हणून असेल, त्यानं नुकत्याच लागलेल्या एका सिनेमाचं नाव ठोकून दिलं.
काका म्हणाले, तरीच. मी दोनदा पाहिलाय.
मग त्यांनी ते मागच्या बायकांनाही ओरडून सांगितलं. मी पुढे होऊन काही बोलणार होतो. ड्रायव्हर म्हणाला, अहो झांजवाले, मोटारीला वाट द्या.
दिली.

२२ फेब्रुवारी. सोमवार.
कचेरीचा पहिला दिवस. डबा लवकर तयार होता.
निघताना मंदाकिनी नीलाची वेणी घालत गुणगुणत होती. दुसरा भाग. अगदी बरोबर, कोमल निषादासकट. विचारलं, हे कुठलं?
म्हणाली, "कालच्या वरातीतलं हो. त्या पिक्चरमधलं. सकाळपासून डोक्यातून जात नाही. तुम्ही असलं काहीतरी का करत नाही?"
मी म्हटलं, बघतो.