मधल्याची खुंटी

३ जून

चि. धाकट्यास,
ताईचे अनेक आशीर्वाद. वि. वि.

तू पाठवलेला तो स्वप्नांचा टेकू पोचला. खोकं फोडून आईच्या उशाशी ठेवला, तार लावली, दिवा हिरवा झाला. बाबा गेल्यापासून आईचं काय चाललंय ते तू जाणतोसच. डोळा लागला की स्वप्नात घर हलतं, जिना पायाखालून निघून जातो आणि ही ओरडत उठते. मग झोपायलाच घाबरते. वाळून काडी झाली होती रे. तुमच्या कारखान्यात लोकांची स्वप्नं ढासळू नयेत म्हणून यंत्र बनवतात, ही मी तुझी थाप समजत होते. आता कान पकडते.

झोपण्याआधी तिला एक गोष्ट वाचून दाखव, स्वप्न त्याच वाटेने जाईल, असं तू लिहिलं होतंस. मी पडले शिंपीण, गोष्ट कुठून आणू? आपलं जुनं घरच लिहून काढलं. जिना, खिडकीतल्या कुंड्या, तुझं भोकाड. आणि गंमत म्हणून मधल्यालाही घातलं! आठवतो ना? बरणी फुटली, शाई सांडली, कोणी केलं? मधल्याने! आपल्यात सहा वर्षांचं अंतर, मध्ये एक खोटा भाऊ आरामात मावायचा. आणि त्याचं नाव काढलं की आईचा उगारलेला हात खाली यायचा. ते का, हे मला आजवर कळलेलं नाही.

तर आई काल चक्क घोरली. उठल्यावर फक्त एवढंच विचारलं, मधला जेवला का? मी पोट धरून हसले.

जेवणाची आबाळ करू नकोस. माया आहेच, पत्रांनी ती ओली ठेव.
तुझी ताई

१० जून

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

पत्र वाचून जिवात जीव आला. पण एक गोष्ट डोक्यात शिरत नाहीये. टेकू गोष्टीतलं एक माणूस निवडतो आणि सगळं स्वप्न त्याच्यावर टांगतो. त्याला आम्ही खुंटी म्हणतो. ती आम्हाला ठरवता येत नाही. झोपणारा मनातून ज्याला कधीच सोडत नाही, तोच खुंटी होतो. मला वाटलं बाबा असतील, नाहीतर मी (तू नाहीस, उगाच हुरळू नकोस). पण यंत्राकडून इथे खूण येते ती मधल्याचीच.

अगं, मनाने रचलेलं माणूस खुंटी होऊच शकत नाही. आम्ही करून पाहिलंय. एका सहकाऱ्याला एकट्या राजाचीच गोष्ट वाचून दाखवली, म्हणजे खुंटीला दुसरं कोणी उरणारच नाही, तर पहाटेच्या आत स्वप्न कोसळलं आणि गडी उशीला मिठी मारून थरथरत बसला. आमच्या मुकादमबाई म्हणतात, इतकी घट्ट खुंटी त्यांनी उभ्या जन्मात पाहिली नाही. नक्कीच माझ्या हातून काहीतरी उलटसुलट जोडलं गेलंय. आईकडे लक्ष ठेव.

रागावत जा, पण विसरू नकोस.
तुझा धाकटा

२४ जून

चि. धाकट्यास,
आशीर्वाद. वि. वि.

आईच्या अंगावर मांस आलंय, पण माझं डोकं फिरायची वेळ आली आहे. ती तिसरं ताट मांडते. काल मला म्हणाली, मधल्याला सदरा शिव, खांदे धाकट्यापेक्षा रुंद घे. मी चिडले तर नुसती हसली. कोपऱ्यावरच्या घड्याळवाल्या काकांना सहज विचारलं, आम्ही भावंडं किती? ते छातीठोकपणे म्हणाले, तीन, आणि मधल्याने माझी काच फोडली होती. अरे मेल्या, ती काच तू फोडलीस!

आता मशीनवर बसले तरी मन थाऱ्यावर नसतं. आपल्या दोघांच्या मध्ये गादीवर कोण झोपायचं? खरंच कोणी नव्हतं ना रे? हसू नकोस. मला आपली आई शुद्धीवर हवी, झोप गेली तरी चालेल. ये आणि ती खुंटी उपटून टाक.

वाट पाहते. माया आटलेली नाही, धीर मात्र आटलाय.
ताई

३० जून

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

इकडे आड, तिकडे विहीर. मुकादमबाई म्हणतात, खुंटी उपटली तर स्वप्न कोसळेल, भीती दुपटीने परत येईल आणि आई कदाचित पुन्हा झोपणारच नाही. ठेवली, तर दिवस आणि स्वप्न यांची सरमिसळ होत जाणार. आणि तुला म्हणून सांगतो, मलाही आठवतंय की झोपाळ्यावर मला मागून कोणीतरी ढकलायचं. ती तू नव्हतीस, तुला चक्कर यायची. यंत्र माझ्याही डोक्यात शिरलं की काय?

रविवारी हत्यारं घेऊन येतोय. तोवर आईलाच विचारून बघ. माझी छाती होत नाही.

भेटीअंती बोलूच. आहे तसाच गोड मानून घे.
धाकटा

२ जुलै

चि. थोरली आणि चि. धाकटा यांस,
आईचे पोटभर आशीर्वाद.

हे पत्र थोरलीच पाकिटात घालणार, तेव्हा चिकटवण्याआधी तिने खुशाल वाचावं. तिने काल धाकट्याचं पत्र वाचून दाखवलं आणि मला विचारलं, पण हे तुम्हा दोघांना एकदमच सांगायचं होतं, म्हणून लिहिते.

मला वेड लागलेलं नाही. घड्याळवाल्यांचंही चुकलं नाही, गल्लीभर मधला मधला करत तुम्हीच फिरायचात. पण थोरलीच्या पाठीवर मला एक मुलगा झाला होता. ती तेव्हा मावशीकडे होती, कळायचं वयही नव्हतं. तो फार थोडे दिवस राहिला. नाव ठेवायचंसुद्धा राहून गेलं. तुमचे बाबा म्हणाले, हा विषय पुन्हा काढायचा नाही, आणि आम्ही काढला नाही.

मग एक दिवस बरणी फुटली आणि तुम्ही दोघं एका सुरात म्हणालात, मधल्याने फोडली. माझा हात तिथेच थांबला. तुम्हाला वाटलं, आई फसली. बाळांनो, पुढे प्रत्येक वेळी मी मुद्दाम विचारायचे, कोणी केलं? घरात त्याचं नाव तेवढंच निघायचं, आणि ते नावही तुम्हीच दिलेलं.

आता जिना हलला की तो माझा हात धरतो. मोठा झालाय. बाबांसारखा खाकरतो, बोलत फारसा नाही. झोपाळ्याचं मात्र मला काही माहीत नाही रे धाकट्या. ते तुझं तू बघ.

हत्यारं तिकडेच ठेव आणि नुसता ये. तिसरं ताट मी यापुढे मांडणार नाही. दिवसा मला दोन मुलं आहेत, हे मला पक्कं ठाऊक आहे. झोपेत तिन्ही असू देत. आणि ती बरणी नक्की कोणी फोडली ते रविवारी खरं सांगून टाका, म्हणजे मला त्याला सांगता येईल.

लोभ तिघांचाही असाच राहू द्या.
तुमची आई