दहाव्याच्या टोपीपायी चुकलेल्या तारखेबाबत

प्रति,
मा. सचिव,
मोफत कायदा सल्ला समिती,
जळगाव.

विषय : चेक न वटल्याच्या खटल्यातून भाचा निर्दोष सुटल्यामुळे औरंगाबादेस अपील करण्यासाठी वकील मिळणेबाबत.
संदर्भ : फौजदारी न्यायालयाचा दि. ८ ऑगस्ट १९९४ चा हुकूम.
अर्जदार : वना कौतिक सुतार, राहणार धुळे, धंदा टेम्पोच्या लाकडी बॉड्या बांधणे.

महोदय,

१. अर्जदाराने आपला सख्खा भाचा मगन, राहणार पहूर, याच्या टेम्पोला बॉडी बांधून दिली. मगनने त्यापोटी अठरा हजारांचा चेक दिला, तो न वटता परत आला. नोटीस देऊनही मगन हलला नाही, तेव्हा अर्जदाराने नाइलाजाने जळगावला फिर्याद केली. त्यानंतर खाली सांगितलेली एक सोडल्यास, धुळ्याहून येऊन एकही तारीख चुकवली नाही, हे रोजनाम्यावरून दिसेल.

२. मध्यंतरी मगनचे वडील, म्हणजे अर्जदाराचे मेहुणे, वारले आणि दहावा नेमका तारखेच्या दिवशी आला. मुंडण झालेल्या भाच्याला नवी टोपी मामानेच घालायची, असा समाजाचा रिवाज आहे, आणि मगनला दुसरा मामा नाही. अर्जदाराची बहीण भिकुबाई हिचा निरोप आला, "भाऊ, तू नही उना ते मन्हा आंडोरले टोपी कोन घाली?" बापाच्या दहाव्याला मुलगा काही कोर्टात जाणार नाही, तारीख आपोआप पुढे जाईल, असे अर्जदाराने गृहीत धरले व स्वतःच्या वकिलालाही येऊ नका म्हणून कळवले. हे ऐकून खाली सही केलेल्या अर्जलेखकाने कपाळाला हात लावला, पण त्याचा आता उपयोग नाही.

३. सकाळी वाघूर नदीवर मुंडण व पिंडदान झाले. मग मगन दिसेना. पंगत खोळंबली, भाऊबंद कुरकुरू लागले, आणि अर्जदार टोपी हातात धरून ओट्यावर बसून राहिला. दुपारी मगन मोटारसायकलवरून आला व दवाखान्यात गेलो होतो म्हणाला. अर्जदाराने त्याला टोपी घातली, पोटाशी धरले आणि पोरका झालास रे म्हणून रडला. वास्तविक मगन जळगावच्या कोर्टात जाऊन आला होता. गैरहजर राहिलास तर वॉरंट निघेल, असे त्याच्या वकिलाने बजावले होते, आणि त्यात वकिलाचेही काही चुकले नाही. आरोपी हजर, फिर्यादी गैरहजर, सबब आरोपी निर्दोष.

४. न्यायालयाबद्दल अर्जदाराची तक्रार नाही. फक्त नम्रपणे नमूद करावेसे वाटते की, आरोपीचे डोके त्या दिवशी ताजे भादरलेले होते. तशा डोक्याच्या माणसाचा मामा त्या वेळी कोठे असेल, हे कोणी विचारले असते तर बरे झाले असते. हुकुमात डोक्याचा उल्लेख नाही.

५. हुकूम फिरवावा म्हणून अर्ज केला असता, एकदा सोडल्यावर आम्हांला फिरवता येत नाही, असे उत्तर मिळाले. वरच्या मजल्यावर सेशन कोर्टात चौकशी केली, तर अपील औरंगाबादेस हायकोर्टातच, तेही आधी परवानगी मागून, साठ दिवसांच्या आत. औरंगाबादेस अर्जदाराच्या ओळखीचे कोणी नाही.

६. इकडे बॉडीचे लाकूड उधारीचे होते. मगनच्या भरवशावर अर्जदाराने वखारवाल्यास चेक दिला, तोही परत गेला. त्यामुळे धुळ्याच्या कोर्टात अर्जदार स्वतःच आरोपी आहे. तेथील फिर्यादी अंगात ताप असला तरी कानाला मफलर बांधून येतो. त्याच्या घरी कोणाचे बरेवाईट व्हावे असे आपल्या मनात कधी येत नाही, असे अर्जदाराने दोनदा सांगितले. मगनचे पैसे आले नाहीत, तर अर्जदार तुरुंगात जाणार हे उघड आहे.

७. गैरहजेरीचे कारण शाबीत करा, म्हणजे काहीतरी आशा आहे, असे वकील म्हणतात. नदीवरचे सगळे मगनचे भाऊबंद, ते तोंड उघडत नाहीत. उरली भिकुबाई. ती मगनच्याच घरात राहते, आणि मामाच्या बाजूने जो बोलेल त्याने या घरात पाणी पिऊ नये, असे मगनने सांगून ठेवले आहे. तरी ती एकटी एसटीने धुळ्यास आली. अर्जदाराने नको नको म्हटले असता, "भाऊ, तू जेलमा जाशी अन् मी तठे भाकर खासू का?" असे म्हणून तिने प्रतिज्ञापत्रावर अंगठा दिला आणि संध्याकाळच्या गाडीने परत गेली. त्या दिवशी अर्जलेखकाने लिहिणावळ घेतली नाही.

सबब विनंती की, वकील द्यावा, अपील दाखल व्हावे, अर्जदार दहाव्याला हजर होता हे खरे मानावे, मात्र ते बहिणीला विचारू नये व तिचे नाव औरंगाबादेस कळू देऊ नये. अशी विनंती मान्य होत नसते, हे अर्जदारास समजावून सांगितले. त्याने तीच लिहायला सांगितली.

आपल्या उत्तराकडे डोळे लावून बसलेला,
वना कौतिक सुतार
धुळे, दि. १२ सप्टेंबर १९९४

लिहिणार : तोताराम, अर्जलेखक, कोर्ट आवार, धुळे

सोबत :
१. हुकुमाची नक्कल
२. परत आलेला चेक, झेरॉक्स
३. धुळ्याच्या खटल्याचे समन्स
४. भिकुबाईचे प्रतिज्ञापत्र. जोडलेले नाही. अर्जदाराने ते माझ्यासमोर फाडले.