प्रतीक्षा यादी, क्रमांक एक

प्रिय वंदूताई,

कोर्टाचा निकाल लागला, आपण जिंकलो. सांगायला फोन हातात घेतला, तुझं नाव शोधलं आणि मग आठवलं, तुला जाऊन सात महिने झाले. पण ही बातमी तुला सांगितल्याशिवाय कशी राहू? म्हणून हे पत्र.

अकोल्याच्या त्या खात्यात प्रयोगशाळा सहायकाची एक जागा होती. निवड झालेली मुलगी रुजूच झाली नाही. प्रतीक्षा यादीत पहिली तू, तुझ्यामागे मी. म्हणजे जागा तुझी. पण खात्यानं वर्षभर ती भरली नाही आणि वर्ष सरल्यावर कळवलं की यादीची मुदत संपली. जागा आजही रिकामीच आहे, बरं का.

आज तुझ्यावर थोडं रागावू? त्या वर्षात मी कितीदा म्हटलं, चल, एक अर्ज देऊन येऊ. तू काय म्हणायचीस? "काहून मांगं लागून राहिली वं? खात्यातल्या बाबूनं सांगतलं ना, पत्र घरी येते. सायबाले तरास देला त नाव कापतीन." राजापेठेतल्या अभ्यासिकेत पोरींना भरतीचे नियम समजावून सांगणारी तू, स्वतःसाठी एक ओळ लिहायला घाबरलीस.

खात्याच्या वकिलानं नेमकं तेच धरलं. वर्षभरात यांनी एकदाही विचारणा केली नाही म्हणे. विचारलं तर आगाऊ, नाही विचारलं तर झोपलेले. माणसानं करावं तरी काय?

तुला एकटीला नागपूरच्या कोर्टात पाठवायला तुझे बाबा तयार नव्हते, म्हणून सोबतीला माझंही नाव याचिकेत घातलं. जागा एक आणि भांडणाऱ्या दोघी. एसटीत तू म्हणायचीस, "माह्यं झालं का मंग तुह्यं पाहू." तारखेवर तारीख पडत गेली. मग तुला कावीळ झाली आणि त्यातच तू गेलीस.

एक गोष्ट कबूल करायची आहे. तू दवाखान्यात होतीस तेव्हा मी वलगावहून यायची, बाहेर बाकावर बसून राहायची. तिथे एकदा, एकदाच, मनात आलं की आता पहिला नंबर माझा. ताई, त्या एका विचाराची मला अजून लाज वाटते.

कोर्टानं म्हटलं, उमेदवाराला बोलावणं खात्याचं काम होतं, ते त्यांनी केलं नाही. यादीच्या क्रमानं नियुक्ती द्या. परवा खात्यात गेले, तर समोर तोच बाबू. म्हणाला, "पयल्या नंबरच्या मृत्यूचा दाखला आना. अन् अर्जात लिहा, पयली उमेदवार उपलब्ध नाई."

उपलब्ध नाही! पत्र येईल आणि आपण घरी नसू, या धास्तीनं तू वर्षभर गाव सोडलं नाहीस. मावशीबरोबर मोझरीला समाधीच्या दर्शनाला एक दिवस जायचं होतं, तेही टाळलंस. आणि हा माणूस तुला एका ओळीत गैरहजर करतो. मी काही न लिहिता उठले.

तिथून थेट तुझ्या घरी गेले, ही जागा मला नको हे सांगायला. तुझी आई भाजी निवडत होती. सगळं ऐकून घेतलं, आत गेली आणि दाखल्याची प्रत आणून माझ्या हातात दिली. म्हणाली, "घे पोरी. तू सोडली त ते जागा पुना तशीच पडू देतीन. मंग माही वंदू कायले भांडली?"

मी दाखला पिशवीत ठेवला आणि तिच्याबरोबर भाजी निवडायला बसले.

उद्या अर्ज देते. जागा घेणार आहे, ताई, पण तो सांगतो ते लिहून नाही. यादीच्या मुदतीच्या शेवटच्या दिवसापर्यंत तू घरी होतीस आणि यांनी बोलावलं नाही, असंच लिहीन. बाबूनं अर्ज परत केला तर दुसरा लिहीन, तोही परत केला तर तिसरा. शब्द मात्र हेच राहतील, हे वचन देते.

तुझ्यामागचीच,
मीना