सुलतानाला जंत झाले असे कळवावे

मी, हेदी बिन सालिम, धंदा मक्रूद, म्हणजे खजूर भरलेल्या रव्याच्या वड्या, तळण्याचा, राहणार कैरुआन, गुडघे सोडले तर शरीराने ठीक आणि डोके पूर्ण ठिकाणावर असताना, कोणाच्याही दबावाशिवाय हे लिहून ठेवतो. माझी वेळ अल्लाहला ठाऊक.

१. दुकान, तांब्याची कढई आणि उरलेले घर शरियतप्रमाणे पुतण्या शाकिर याला जाईल. त्यात माझे काही चालत नाही. लाकडी साचे मात्र त्याने विकू नयेत.

२. मालमत्तेपैकी एक तृतीयांश मला मर्जीने देता येते, पण वारसाला नाही. मन्नुबिया माझी बायको राहिली असती तर तिला असे देता आले नसते. तलाकाचा एवढाच काय तो उपयोग झाला. तिला माडीवरची खोली, अंगण आणि अंजिराचे झाड द्यावे. माझ्या आईने तिला नांदू दिले नाही. ती स्फाक्सला भावाकडे निघाली, तेव्हा तिने पाळलेली कासवी सुलताना मात्र आईने ठेवून घेतली. म्हणाली, "कासव गेलं तर घराची बरकत जाईल." सून गेली तर काय जाते, ते तिला कधी कळले नाही. मला कळले.

३. सुलताना मन्नुबियाला परत द्यावी. तोवर शाकिरने तिला हात लावू नये. तो म्हणतो, "काका, मेंढ्यांना देतात ते जंताचं इंजेक्शन टोचून टाकू, कटकट मिटेल." बाबा रे, त्याने कासव मरते. ती थंडीभराच्या झोपेला जाण्याआधी तिची शी चहाच्या डब्यातून डॉक्टर रिदांकडे न्यावी. ते तपासून सांगतील तरच औषध.

४. त्या सुमारास दरवर्षी मन्नुबियाचा फोन येतो.

"जंत झालेत का?"

"नाही."

"बरं. जपा तिला."

वर्षाचे बोलणे एवढेच. एका वर्षी मात्र खरेच झाले होते, सुलताना काही खाईना. मन्नुबिया मिळेल त्या बसने आली, शेजारी हलीमाबाईंकडे उतरली. रोज सकाळी अंगणात येऊन सुलतानाला परातीत कोमट पाण्यात बसवायची, औषध पाजायची. "अहो, पाणी गार झालं, दुसरं आणा." ते ऐकायला मी पाणी मुद्दाम कमी तापवीत असे. त्यानंतर दरवर्षी डबा घेऊन जाताना मी मनात जंतच मागत आलो. पण तिचे कासव मी इतके जपले की ते झालेच नाहीत. मला तिची फार आठवण येते. फोनवर सांगायला जमत नाही, म्हणून इथे लिहितो.

५. मी मेलो असे तिला कळवू नये. तेवढ्यासाठी ती येईलच असे नाही. सुलतानाला जंत झाले असे कळवावे, ती येईल. मग हा कागद तिच्या हातात द्यावा.

इथवर वाचून साक्षीदार डॉक्टर रिदा हसू लागले. मी म्हणालो, "एवढं एक खोटं माझ्यासाठी बोला, डॉक्टर."

"खोटं कसलं त्यात? दोन-चार जंत बहुतेक कासवांच्या पोटात असतातच. सुलतानाच्याही होते, दरवर्षी."

"मग 'नाही' का सांगत होतात?"

"औषध द्यावं इतके नव्हते, म्हणून."

सबब कलम ५ रद्द समजावे. सही झाली की फोन मीच करतो.

सही: हेदी बिन सालिम
साक्षीदार: रिदा, जनावरांचे डॉक्टर
साक्षीदार: तय्यिब, हलीमाबाईंचे यजमान
कैरुआन, ९ ऑक्टोबर २०१८